बुटांचा उपवास

माझ्या नातीला मी फसवून ऑपरेशनच्या खोलीच्या दारापर्यंत नेलं होतं. त्यासाठी तिला आदल्या रात्रीपासून निर्जळी उपवास धरायला लावला, आणि उपवास कशाचा असं तिनं विचारलं तेव्हा सांगितलं, की उद्या तुला कबड्डीचे नवे बूट घ्यायचेत, उपवास धरून घेतलेले बूट लाभतात. असं कुठल्याही पोथीत नाही. मी ते जागच्या जागी रचलं होतं, आणि रचल्यावर स्वतःवर इतकी खूश झाले की एक कप चहा जादा प्यायले.

याला चार वर्षं झाली. तेव्हा मी तरुण होते. बासष्ट म्हणजे काही वय नाही. गुडघे चालत होते, दात बहुतेक सगळे माझेच होते, आणि आपल्याला सगळं कळतं याविषयी मनात कसलीही शंका नव्हती. आता सहासष्ट पूर्ण झाली. गुडघे गेले, दोन दाढा गेल्या आणि ती खात्रीही बरीचशी गेली. तिन्हींत जास्त आराम पडला तो खात्री गेल्यामुळं.

आमचं घर भोसरीच्या जुन्या गावठाणात. जिथं आमची ज्वारी व्हायची तिथं आता लेथ मशिनी फिरतात, आणि उरलेल्या तुकड्यावर आम्ही भाड्याच्या खोल्या बांधल्यात. मुलगा एमआयडीसीतल्या एका वर्कशॉपमध्ये सुपरवायझर आहे. सून चाकणला जाते, गाड्यांच्या आतल्या वायरींचे जुडगे बांधतात त्या कंपनीत. दोघांच्या शिफ्टा कधी जुळत नाहीत, त्यामुळे नात माझ्याच हाताखाली वाढली. वाढली म्हणजे मी वाढवली असं मला वाटायचं. ती मनातल्या मनात स्वतःची वाढत होती हे माझ्या लक्षात यायला ऑपरेशनचा घाट घालावा लागला.

तिचा डावा डोळा जरासा बाहेर बघायचा. ती आपल्याशी बोलायची तेव्हा उजवा डोळा आपल्यावर असायचा आणि डावा खिडकीतून कोण जातंय ते बघत असायचा. लहानपणी कुणाला त्यात काही वाटलं नाही. माझ्या सासूबाई होत्या तेव्हा त्या कौतुकानं म्हणायच्या, माझी पणती दोन्हीकडचं राखती. पण पोर सोळाची झाली आणि मला त्या डोळ्यानं झोप लागेना. कुठल्याही फोटोत मला आधी तो डोळाच दिसायचा. समोरून कुणी ओळखीची बाई आली की मी झटकन नातीच्या डाव्या बाजूला जाऊन तिचा तो डोळा आड करायची. मला वाटायचं मी तिला सांभाळतेय. खरं तर मीच त्या डोळ्याला लाजत होते, पण हे वाक्य लिहायला मला चार वर्षं लागली.

चष्म्याचा नंबर काढायला म्हणून तिला पिंपरीला एका डोळ्यांच्या दवाखान्यात नेलं. डॉक्टर बाई चाळिशीच्या, बोलण्यात मराठवाड्याचा सूर. नंबर निघाला, नात बाहेर चष्म्याच्या फ्रेमी बघायला गेली आणि मी संधी साधून विचारलं की हा डोळा सरळ होतो का. बाई म्हणाल्या, होतो. डोळ्याच्या बाजूच्या स्नायूंचं छोटं ऑपरेशन असतं, पूर्ण भूल द्यावी लागते, पण घाई काहीच नाही. घरी बोला, मुलीशी बोला, मग ठरवा.

मी घरी बोलले. मुलीशी सोडून सगळ्यांशी बोलले.

दापोडीच्या नणंदेला विचारलं. खोल्यांमधल्या बायकांना विचारलं. त्यातल्या एकीच्या भाच्याचा डोळा असाच सरळ झाला होता, तिनं मोबाइलवर त्याचा आधीचा आणि नंतरचा फोटो दाखवला. मग गावच्या देवळात जाऊन देवाला कौल लावला. आमच्याकडे मोठं काही करायचं झालं की देवाच्या दोन्ही अंगांना फुलाच्या ओल्या पाकळ्या चिकटवतात. उजवी आधी पडली तर देवाचा होकार, डावी पडली तर नकार. त्या दिवशी गुरव दिव्यात तेल घालत होता आणि पाकळ्या मीच लावल्या. डावी अंगठ्यानं चांगली दाबून बसवली. उजवी नुसती टेकवली. ती लगेच पडली, आणि देवाची संमती मिळाली म्हणून मी पेढे वाटले. ज्या बाईनं देवाचीच संमती दाबून घेतली, ती सोळा वर्षांच्या पोरीला कशाला विचारते.

मुलगा आणि सून एका रविवारी रात्री जेवायला एकत्र सापडले तेव्हा मी त्यांच्यापुढे विषय ठेवला. सून म्हणाली, आई, तिला सांगूया की आधी. मी म्हटलं, सांगितलं तर घाबरंल, रडंल, आणि मग व्हायचं न्हाई. तुझा नवरा सहा वर्षांचा असताना टॉन्सिल काढायला नेला, तो मामाकडं जायचं म्हणूनच नेला. काय वाकडं झालं त्याचं?

मुलगा भाकरी मोडत म्हणाला, "मामाकडं जायचं म्हटलं की अजून माझा घसा दुखतो."

सून हसली, मीही हसले, आणि त्या हसण्यात मूळ गोष्ट वाहून गेली. पुढच्या आठवड्यात दवाखान्यातून संमतीचा फॉर्म आणला. आईच्या जागी सुनेनं सही केली, वडिलांच्या जागी मुलानं. सही करताना सुनेचा हात थांबला होता, हे मी पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. रक्त तपासायचं होतं, तेव्हा नातीला सांगितलं की कबड्डी खेळणाऱ्या मुलींचं हिमोग्लोबिन बघतात. तिला ते पटलं, कारण ती खरंच कबड्डी खेळायची आणि सर खरंच केळी खा, खजूर खा म्हणून मागं लागायचे. खोटं बोलायचं तर त्यात थोडं खरं मिसळावं लागतं, आणि त्या कामात माझा हात बसलेला होता.

दिवस गुरुवारचा ठरवला. आमच्या एमआयडीसीला सुट्टी गुरुवारी असते. बाहेरच्या पाहुण्यांना याचं नवल वाटतं, पण आमच्याकडे साखरपुडे, दवाखाने, खोल्यांची रंगरंगोटी, सगळं गुरुवारी उरकतात. आणि गुरुवार दत्ताचा, म्हणजे उपवासालाही सोयीचा. भुलीच्या आधी पोटात काही नको, पाणीसुद्धा नको, असं दवाखान्यातून बजावलं होतं. धडधाकट पोरीला कारण न सांगता उपाशी कसं ठेवायचं, यावर मी दोन दिवस विचार केला आणि ते बुटांचं काढलं.

बूट तिला कधीपासून हवे होते. जुन्यांचा तळ गुळगुळीत झाला होता, मॅटवर पाय सरकायचा. त्यामुळे ती उपवासाला इतक्या आनंदानं तयार झाली की मला एकदा, अगदी एकदाच, कसंतरी झालं. सकाळी उठून तिनं चूळ भरली आणि मला तोंड उघडून दाखवलं, की बघ, गिळलं नाही. मग स्वतः दत्ताच्या तसबिरीला हार घातला.

मुलानं गाडी काढली. सून पहिल्या शिफ्टला गेली होती. तिच्या कंपनीत फोन गेटजवळच्या कपाटात ठेवून आत जावं लागतं, त्यामुळे दुपारी साडेतीनपर्यंत ती असून नसल्यासारखी. ती थेट दवाखान्यात येणार होती. गाडीत नात बुटांबद्दल बोलत होती. कुठल्या रंगाचे, कुठल्या दुकानात. मी म्हटलं, आधी जाता जाता डोळ्याचा नंबर परत एकदा बघून घेऊ. ती म्हणाली बरं.

तिथं तिला आतल्या खोलीत बसवलं, नर्सनं हिरवा झगा घालायला दिला. नंबर बघायला झगा कशाला, असं नातीनं विचारलं. मी म्हटलं, नवीन मशीन आलंय, त्याला लागतो. नर्सनं माझ्याकडे वळून पाहिलं. ती बाहेर गेली आणि दोन मिनिटांत डॉक्टर बाई स्वतः आल्या.

बाईंनी स्टूल ओढलं आणि नातीसमोर बसल्या. माझ्याकडे बघितलंही नाही. तिला म्हणाल्या, "आज आपण काय करणार आहोत, ते मला सांग बरं."

"डोळ्याचा नंबर," नात म्हणाली. "मग आम्ही बूट घ्यायला जाणार."

"सकाळपासून काय खाल्लंस?"

"काही नाही. उपवास आहे. बुटांचा."

बाईंनी हातातली फाईल मिटली. मला वाटलं आता हसतील. त्या हसल्या नाहीत. मला आणि मुलाला बाहेर जायला सांगितलं आणि दार लावून घेतलं.

बाहेरच्या बाकावर आम्ही मायलेक शाळेत पट्टी खाल्लेल्या पोरांसारखे बसलो. वीस मिनिटं झाली असतील. आतून काही ऐकू येत नव्हतं. रडणं नाही, ओरडणं नाही. ते न ऐकू येणं मला जास्त लागलं. मुलगा गाडीची किल्ली या हातातून त्या हातात करत होता. एकदा म्हणाला, आई, हे बरोबर नाही झालं. मी म्हटलं, गप ऱ्हा, भूल दिली की सगळं मिटतं.

बाई बाहेर आल्या आणि म्हणाल्या, आज ऑपरेशन होणार नाही.

मी उभी राहिले. फॉर्मवर आईबापाच्या सह्या आहेत, असं ठसक्यात सांगितलं. देवाचा कौलही सांगणार होते, पण अंगठा आठवला आणि गप्प बसले.

"आजी, सह्या आहेत, बरोबर आहेत," बाई म्हणाल्या. "ती अठराची होईपर्यंत कायद्यानं आईवडिलांचीच सही लागते. पण हे काही जिवावरचं दुखणं नाही. वर्षभर थांबलं तरी बिघडत नाही. सोळा वर्षांच्या लेकराला न सांगता मी झोपवणार नाही. जागी झाल्यावर ती कुणावर भरवसा ठेवील, सांगा मला."

"बाई, पोरगी आमची हाय," मी म्हटलं.

"तुमचीच आहे की," बाई म्हणाल्या. "डोळा तिचा आहे."

नात आपल्या कपड्यांत बाहेर आली. आधी तिथल्या फिल्टरचं पाणी प्यायली, दोन ग्लास, न थांबता. मग बापासमोर उभी राहिली.

"पप्पा, तुम्हाला माहीत होतं?"

त्यानं मान हलवली. तोंडानं हो म्हणायचीही त्याची छाती झाली नाही. तिनं माझ्याकडे बघितलं नाही. माझ्याबद्दल तिला विचारायचं काही उरलंच नव्हतं, मला माहीत असणारच होतं. पण बापाला माहीत होतं, आणि दुपारी येणाऱ्या आईलाही माहीत होतं, हे तिच्या चेहऱ्यावर उमटताना मी पाहिलं. आयुष्यात मी बऱ्याच लबाड्या केल्यात आणि त्यातल्या कित्येक आठवून मला अजून हसू येतं. या लबाडीचं येतं ते उपवासापर्यंतच येतं. त्या मान हलवण्यापाशी आलं की थांबतं.

खाली उतरल्यावर तिनं कोपऱ्यावर दोन वडापाव खाल्ले. मग गाडीत पुढं बसली आणि एकच शब्द बोलली, "बूट." मुलानं मुकाट्यानं गाडी दुकानाकडे वळवली. तिनं सावकाश सात जोड घालून बघितले आणि दुकानदार ज्यांना हात लावताना आधी हात पुसत होता ते घेतले. आम्ही दोघांनीही हूं की चूं केलं नाही.

सून साडेतीनला बाहेर पडली, फोन हातात घेतला आणि तशीच घरी आली. चप्पलही काढली नव्हती. दाराशी उभ्याउभ्या लेकीला म्हणाली, सही मी केली होती, मला थांबता आलं असतं, चुकलं माझं. नातीनं तिला बरं म्हटलं. तिचा राग आईवर एक दिवस टिकला, बापावर तीन दिवस. माझ्यावर अकरा दिवस. बोलायची नाही, पण आमच्या घरच्या व्हॉट्सॲपच्या ग्रुपवर लिहायची. मी समोर बसलेली असताना फोन टुणकन वाजायचा. "आजीला सांगा दूध उतू जातंय." "आजीच्या चष्म्यावर आजी बसली आहे." मग चाकणहून जेवणाच्या सुट्टीत सून फोन करून मला सांगायची की आई, चष्म्यावरून उठा.

माफी मागायची मला सवय नाही. आमच्या पिढीत मोठ्यांनी लहानांची माफी मागायची पद्धत नव्हती. फार झालं तर आवडीची भाजी करायची, त्यातच सगळं आलं. मी रोज तिच्या आवडीचं काहीतरी करत होते. ती पोटभर खात होती आणि बोलत नव्हती. तेव्हा भाजीवर भागणार नाही हे मला आठव्या-नवव्या दिवशी कळलं.

अकराव्या दिवशी तिचा सामना होता, भोसरीतच, शाळेच्या मैदानावर. मी तिचा खेळ कधी बघितला नव्हता. पोरी मांड्या थोपटतात ते मला बघवत नाही, असं मी तोवर सांगत आले होते. त्या दिवशी गुपचूप जाऊन मागच्या खुर्चीवर बसले. तिची चढाई आली. ती समोरच्यांच्या अंगणात शिरली, कबड्डी कबड्डी म्हणत डावीकडे झुकली, आणि समोरच्या सातही पोरी गोंधळल्या. एक मागं सरकली, एक पुढं आली, दोघी एकमेकींवर आदळल्या, आणि ही उजव्या कोपऱ्यातल्या मुलीच्या खांद्याला हात लावून परत आलीसुद्धा. पुन्हा तसंच. तिसऱ्यांदा तसंच.

मी तिच्या सरांना विचारलं, ही काय जादू आहे. ते आमच्या भावकीतलेच, मला ओळखणारे. म्हणाले, "काकू, ही कुठं बघती तेच समोरच्यांना कळत न्हाई. डोळ्याकडं बघून अंदाज बांधायला जात्यात अन् फसत्यात. निम्मे गुण त्या डोळ्याचे हायत."

ज्या डोळ्याला मी ओळखीच्या बायकांपासून लपवत होते, तो ती सगळ्या मैदानाला दाखवत होती. आणि मी तिला झोपवून, न विचारता, तो काढून घेणार होते. काढून नाही म्हणा, सरळ करणार होते. पण तिच्या हिशेबी त्यात फरक काय होता? आणि तिच्या हिशेबी काय होतं ते मला ठाऊक नव्हतं, कारण विचारलंच नव्हतं. हे एवढं साधं कळायला मला प्लास्टिकच्या खुर्चीवर सव्वा तास बसावं लागलं.

घरी येताना ती पुढं आणि मी मागं. गल्लीच्या तोंडाशी मी हाक मारली, ती थांबली.

"मी तुला विचारायला पायजे होतं," मी म्हटलं.

"मग विचार की आत्ता."

हे मी गृहीत धरलं नव्हतं. मला वाटलं होतं की ती म्हणेल जाऊ दे आजी, आणि मग आपण डोळे पुसून घरी जाऊ. मी विचारलं, "डोळा सरळ करून घ्यायचा का तुझा?"

"नाही."

"बरं," मी म्हटलं.

आमच्या घरात लहान माणसाला काहीतरी विचारून, आलेलं उत्तर आहे तसं गिळण्याची ती पहिलीच वेळ असावी. गिळायला जड गेलं. पण गल्ली संपेपर्यंत ती माझ्या बाजूनं चालत होती, आणि घरी आल्यावर ग्रुपवर काही आलं नाही. दूध उतू जातंय ते तिनं तोंडानं सांगितलं.

पुढं दीडेक वर्ष मी डोळ्याचा शब्द काढला नाही. दापोडीच्या नणंदेनं काढला तर तिलाही गप्प केलं, म्हटलं तो विषय तिच्याकडे असतो. नात बारावीत गेली, खेळत राहिली. मीही सामन्यांना जायला लागले. मांड्या थोपटणं मला बघवू लागलं, एवढंच नाही, एकदा मीच खुर्चीत बसल्याबसल्या थोपटली आणि शेजारची बाई दचकली.

बारावीची परीक्षा झाल्यावर एक दिवस जेवताना ती म्हणाली, मला डोळ्याचं ऑपरेशन करून घ्यायचंय, जूनच्या आत. मी लगेच तोंड उघडलं. काय बोलणार होते ते तुम्ही ओळखलं असेल. सुनेनं ताटाआडून माझा पाय असा दाबला की भाजीचा घास मी तसाच गिळला.

अठरा पूर्ण व्हायला तिला पाच महिने होते. थांबली असती तर स्वतःच सही करता आली असती, आणि मुलानं तसं सुचवूनही बघितलं. ती म्हणाली, सही तुमची चालेल पप्पा, ठरवलंय मी. सुनेनं सुट्टी टाकली आणि तिला त्याच बाईंकडे नेलं. मी सोबत गेले ते नुसती बसायला. बाईंनी याही वेळी दार लावून घेतलं, या वेळी सुनेलाही बाहेर ठेवलं. बाहेरच्या बाकावर मी सुनेला विचारलं, हिला आता का करावंसं वाटलं? सून म्हणाली, मला सांगितलंय तिनं, पण तुम्हाला सांगू नको म्हणालीये. मी म्हटलं, बरं. माझ्या तोंडून इतक्या सहज बरं निघालं की सूनच चकित झाली. ते कारण मला अजून माहीत नाही. मी तीन-चार वेळा बोलताबोलता खडा टाकून बघितला, ती दरवेळी हसून उठून गेली. असो. तेवढी कळ मी सोसते.

फॉर्म आला तेव्हा तिनं तो पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत वाचला. जिथं कळलं नाही तिथं बोट ठेवून विचारलं. एकाची दोन माणसं दिसतात म्हणे काही दिवस, ते किती दिवस. पुन्हा बाहेर सरकला तर काय. खेळायला किती आठवडे नाही. बाईंनी प्रत्येकाचं उत्तर दिलं, आणि एकाचं उत्तर आधी सांगता येत नाही असंही सांगितलं. मग आईवडिलांच्या सह्या झाल्या. बाईंनी कागद नातीपुढं सरकवला आणि म्हणाल्या, कायद्याला तुझी सही लागत नाही, मला लागते. तिनं खाली नाव लिहिलं. मी हळूच मान लांब करून पाहिलं, आजीसाठी कुठं जागा ठेवलीय का. नव्हती.

ऑपरेशन गुरुवारीच झालं. त्या दिवशीचा उपवास तिनं कारण माहीत असताना केला, आणि आदल्या रात्री दहाच्या आत मला उठवून दोन वाट्या शिरा करायला लावला. मी आनंदानं केला. पंधरा दिवस डोळा लाल होता, घरातसुद्धा काळा चष्मा लावून हिंडायची. मला दोन आज्या दिसतायत, एकच पुरे होती, असं खोल्यांमधल्या बायकांना सांगायची. हळूहळू लाली गेली. डोळा सरळ झाला. आरशासमोर उभी राहिली की आता केस मागं बांधायची. मला तो डोळा छान दिसायचा, पण मी काही म्हटलं नाही. मला विचारलं नव्हतं.

पहिला सामना पावसाळ्यात आला, दापोडीच्या एका हॉलमध्ये. ती चढाईला गेली आणि पहिल्याच फेरीत पकडली गेली. दुसऱ्या फेरीतही. समोरच्या पोरी तिच्या डोळ्यांकडे बघत होत्या आणि बरोबर ओळखत होत्या. तिसऱ्यांदा तिघींनी मिळून तिला मधल्या रेषेला हात पोचायच्या आतच दाबून धरलं. संघ हरला. सर तिला काहीतरी समजावत होते, ती मान डोलवत होती. मला तिथं बसवेना. माझ्या डोक्यात एकच चाललं होतं, की पावणेदोन वर्षांपूर्वी ते खूळ मी काढलं नसतं तर हे हिच्या मनात आलंच नसतं. पोरीचं हत्यार गेलं आणि ते पहिल्यांदा हातातून ओढायला मीच गेले होते.

घरी आल्यावर ती ओट्यावर बसली, सुजलेला पाय बादलीत घातला. मी गरम पाणी, मीठ घालून, तांब्यानं वरून सोडत होते. माझ्याच्यानं राहवलं नाही. मी म्हटलं, पोरी, हे सगळं माझ्यापायी झालं. तिनं माझ्या हातातला तांब्या धरून थांबवला आणि म्हणाली,

"आजी, डोळा मी सरळ करून घेतलाय, तू नाही. आता पकडली गेले तर ती पकडही माझीच. तू त्यात वाटा मागू नकोस, आणि पाणी जरा अजून गरम आण."